बहारची बाग आणि शुद्ध हरपलेली फौज

‘होशरुबा’ म्हणजे शुद्ध पळवून नेणारे. ‘तिलिस्म-ए-होशरुबा’ या उर्दू दास्तानचे नावच असे आहे. लखनौच्या मुन्शी नवलकिशोर छापखान्यातून ती १८८३ पासून खंडाखंडाने निघाली. पहिले चार खंड मुहम्मद हुसेन जाह यांचे, पुढचे अहमद हुसेन कमर यांचे. अफरासियाब हा तिथला जादूगारांचा बादशहा आणि त्याच्याविरुद्ध अमीर हमजाची माणसे, असा हा मामला.

मराठी वाचकाला तिलिस्म आणि ऐयार ठाऊक आहेत ते बहुधा देवकीनंदन खत्रींच्या ‘चंद्रकांता’मुळे, त्यातही दूरदर्शनवरच्या मालिकेमुळे. त्यामुळे बेशुद्धी म्हटली की आपल्याला ऐयाराची पुडी आठवते. मिठाईत, फुलात, धुरात दवा मिसळायची आणि स्वतःच्या नाकात कापूस कोंबायचा. ती बेशुद्धी साधी. लखलखा हुंगवला की माणूस उठून बसतो.

बहार जादूचा आजार वेगळा. ही अफरासियाबच्या राणीची, हैरतची बहीण. पुढे ती त्याच्या विरोधकांना मिळते. ती गुलदस्ता फेकते आणि रणात वसंत अवतरतो. बाग उभी राहते, गार वारा सुटतो, सुगंध दाटतो, पाखरे गाऊ लागतात. ना विष, ना घाव. डोळे, कान, नाक यांना सोसवणार नाही इतके सौंदर्य एकदम मिळते आणि फौजच्या फौज वेडी होते. शिपाई गरेबान फाडतात, शेर म्हणतात, बहारच्या नावाने रडतात आणि तिने सांगितले तर आपल्याच गळ्यावर सुरी फिरवतात.

ज्याने उर्दू गझल वाचली आहे तो इथे हसल्याशिवाय राहणार नाही. वसंत आला की आशिकाला जुनून चढतो, तो गरेबान फाडतो, हा गझलेचा जुनाच संकेत. दास्तानगोने तो शब्दशः घेतला. एकट्या आशिकाचे वेड गझलेत शोभते. तेच हजारो हत्यारबंद माणसांना एका वेळी जडले की हसू येते आणि भीतीही वाटते. आमच्या मते या दास्तानची खरी अक्कल इथे आहे.

दास्तान म्हणजे नशा, तिने पोरे बिघडतात, हा आरोप आम्ही शिक्षकांच्या खोलीतही ऐकतो. तो जुना आहे. डेप्युटी नझीर अहमद यांच्या ‘तौबतुन्नसूह’मध्ये बाप मुलाची पुस्तके जाळतोच. पण ज्या कथेने नशेचीच अशी थट्टा मांडली, तिला नशा म्हणून झटकणे आम्हांस पटत नाही.

दोष आहेत, नाही असे नाही. तोच गुलदस्ता पुन्हा पुन्हा फेकला जातो आणि वाचक कंटाळतो. मरणाऱ्या शिपायांना नावेही नाहीत. परंतु मुलांसाठी संक्षेप करणारे जे करतात ते याहून वाईट. ते बागेचे वर्णन कापतात, शेर गाळतात आणि ‘फूल फेकले, फौज वेडी झाली’ एवढेच ठेवतात. लक्षण राहिले, कारण गेले. मग मुलगा विचारतो, “सर, फुलाने कोणी वेडे होते का?” त्याचा प्रश्न बरोबर आहे. पाचही इंद्रियांवर ती बाग कोसळल्याशिवाय त्याला उत्तर मिळायचे नाही. उद्या कोणी ही दास्तान मराठीत आणली, तर लढाया खुशाल कमी कराव्यात. बाग आणि त्या वेड्या शिपायांचे शेर मात्र पुरते आणावेत.