बेनेगलांचा छोटा पडदा : कथा कोणाची, सांगतो कोण?

श्याम बेनेगल २३ डिसेंबर २०२४ रोजी गेले, तेव्हा बहुतेकांना 'अंकुर', 'निशांत', 'मंथन' आठवले. मला त्यांचे दूरचित्रवाणीवरील काम अधिक मोलाचे वाटते. शोषितांच्या चित्रणात त्यांनी टाकलेले मोठे पाऊल तेथे दिसते, आणि त्या पावलाची मर्यादाही तेथेच दिसते.

'अंकुर'मधला (१९७४) किष्टय्या मुका-बहिरा आहे. त्याला चाबकाचा मार बसतो. त्याची बायको लक्ष्मी जमीनदाराला शिव्याशाप देते आणि शेवटी एक पोरगा खिडकीवर दगड भिरकावतो. बेनेगलांची चीड खरी आहे, यात शंका नाही. पण येथे शोषित माणूस सोसतो, आक्रोश करतो. युक्तिवाद करीत नाही.

१९८८ साली 'भारत एक खोज' आली, तेव्हा देशात दूरदर्शनखेरीज वाहिनी नव्हती. तिच्या ५३ भागांत जोतीराव फुल्यांना जागा मिळाली. सदाशिव अमरापूरकरांनी ती भूमिका केली. ही गोष्ट लहान नाही. तरीही मालिकेचा आधार नेहरूंचा ग्रंथ आणि कथनाचा सूत्रधारही नेहरूच. 'गुलामगिरी' (१८७३) लिहून जोतीरावांनी बळीराजाच्या बाजूने या देशाचा इतिहास स्वतः मांडला होता. भारताचा शोध त्यांनीही घेतला होता. मालिकेत मात्र हा इतिहासकार दुसऱ्याच्या इतिहासातले एक पात्र झाला.

'संविधान' (२०१४) या दहा भागांच्या मालिकेत बेनेगल पुढे गेले. त्या वेळच्या राज्यसभा टीव्हीवरील या मालिकेत संविधान सभेतील वाद हेच नाट्य होते. सचिन खेडेकरांनी साकारलेले बाबासाहेब येथे मुद्द्याला मुद्द्याने उत्तर देतात. वर्गात मी ही मालिका दाखवली, तेव्हा वस्तीतून येणारा एक विद्यार्थी म्हणाला, "सर, बाबासाहेब पुतळ्यात पाहिले होते, गाण्यात ऐकले होते. वाद घालताना आज पाहिले." माझ्या वडिलांना अक्षर येत नव्हते. त्यांचे बाबासाहेब भिंतीवरच्या तसबिरीत होते. त्या तसबिरीतून बाबासाहेबांना सभागृहात आणून बोलते केले, याचे श्रेय बेनेगलांना दिलेच पाहिजे.

परंतु कृतज्ञता म्हणजे समीक्षा नव्हे. त्याच २०१४ साली नागराज मंजुळेंचा 'फँड्री' चित्रपटगृहांत आला. त्याच्याही शेवटी दगड आहे. पण जब्याने मारलेला तो दगड थेट पाहणाऱ्याच्या अंगावर येतो. 'अंकुर' पाहताना आपण दगड मारणाऱ्याच्या बाजूने सुखरूप उभे असतो. 'फँड्री' ती सोय ठेवत नाही. कॅमेरा कोणाच्या हाती आहे, यावर दगडाची दिशा ठरते.

बेनेगलांनी आपल्या माणसांना पडद्यावर वाचा दिली. आता सूत्रधाराची जागा आपण घ्यायची आहे. जोतीरावांच्या नजरेने ५३ भागांचा इतिहास सांगणारा दिग्दर्शक माझ्या त्या वर्गातून यावा, ही माझी अपेक्षा आहे.