केन कॉलियर आणि मूळ जॅझविषयीची निष्ठा

न्यू ऑर्लिन्सच्या जुन्या जॅझचे युरोपातील पुनरुज्जीवन म्हणजे निव्वळ अनुकरण, हा आक्षेप इंग्रज ट्रम्पेटवादक केन कॉलियर (१९२८–८८) याच्या बाबतीत पुरता लागू पडत नाही. ध्वनिमुद्रिकांवर तो संतुष्ट राहिला नाही. व्यापारी जहाजावर नोकरी धरून १९५२ साली त्याने न्यू ऑर्लिन्स गाठले, जॉर्ज लुईससारख्या बुजुर्ग कृष्णवर्णीय वादकांच्या पंक्तीस बसून वाजविले, आणि परवान्याची मुदत उलटूनही राहिल्याबद्दल तुरुंगवास भोगून १९५३ मध्ये तो मायदेशी परतला. अशी तालीम युरोपातील फारच थोड्यांना लाभली.

त्याच्या वृंदाचे मर्म सांघिक वादनात आहे. ट्रम्पेटने चाल धरावी, क्लॅरिनेटने तिच्याभोवती वेलबुट्टी काढावी, ट्रॉम्बोनने खालून आधार द्यावा. एकट्याने चमकण्यास येथे फारसा वाव नाही. १९५४ मध्ये मतभेद होऊन ख्रिस बार्बर प्रभृती सहकारी दुरावले. (लोकप्रियतेचा मोठा वाटा पुढे त्यांच्याच पदरात पडला!)

तथापि एक प्रश्न उरतोच. कॉलियरने ज्यास मूळ मानले ते वस्तुतः लुईस व बंक जॉन्सन यांचे १९४० नंतरचे वादन होय. किंग ऑलिव्हरच्या १९२३ च्या ध्वनिमुद्रिका त्याहून कितीतरी अधिक बांधीव आहेत. तेव्हा कॉलियरने जपले ते जॅझचे वार्धक्य, असे म्हणणे प्राप्त होते. मात्र ते वार्धक्य जिवंत होते, आणि त्याने ते शेजारी बसून ऐकले होते. केवळ तबकड्यांवरून १९२३ साल उभे करू पाहणाऱ्या वृंदांत हा ओलावा क्वचितच आढळतो.