‘१९४४’ : स्मृती, साक्ष आणि स्पर्धा
(युरोव्हिजन २०१६ मधील युक्रेनच्या गीताची समीक्षा)

प्रस्तावना :
युरोपीय प्रक्षेपण संघाची ‘युरोव्हिजन’ गीतस्पर्धा १९५६ साली स्वित्झर्लंडमधील लुगानो येथे सात देशांच्या सहभागाने सुरू झाली. दूरचित्रवाणीवरून अनेक देशांत एकाच वेळी पाहिल्या जाणाऱ्या या स्पर्धेकडे निखळ रंजनाचा सोहळा म्हणूनच पाहिले गेले. चटकदार चाल, झगमगता रंगमंच आणि तीन मिनिटांची मर्यादा यांतून गंभीर आशयाची निर्मिती संभवत नाही, असा समज रूढ आहे. १४ मे २०१६ रोजी स्टॉकहोम येथे गायिका जमाला यांनी युक्रेनच्या वतीने सादर केलेले ‘१९४४’ हे गीत या समजाला छेद देते. हे गीत विजयी ठरताच ‘हा विजय गाण्याचा की राजकारणाचा ?’ असा प्रश्न विचारला गेला. प्रस्तुत लेखात या प्रश्नाचा गीताच्या घडणीच्या आधारे विचार करावयाचा आहे. ध्रुवपदाचा विचार भाषांतराच्या आधारे केला आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी :
मे १९४४ मध्ये सोव्हिएत सत्तेने जर्मनांशी संगनमत केल्याचा ठपका संपूर्ण क्रिमियन तातार समाजावर ठेवला. स्टॅलिनच्या आदेशानुसार १८ ते २० मे या तीन दिवसांत १ लाख ८० हजारांहून अधिक तातारांना मालगाड्यांत कोंबून मुख्यतः उझबेकिस्तानात हद्दपार करण्यात आले. पुरुषांपैकी अनेक जण त्या वेळी सोव्हिएत सैन्यातच लढत होते. त्यामुळे घरांतून हुसकावले गेले ते बहुतांशी स्त्रिया, मुले आणि वृद्ध. प्रवासात आणि वनवासाच्या पहिल्या वर्षांत हजारो माणसे दगावली. मायभूमीकडे मोठ्या प्रमाणावर परतण्याची वाट १९८० च्या दशकाच्या अखेरीसच मोकळी झाली. जमाला यांचा जन्म १९८३ साली किर्गिझस्तानातील ओश येथे झाला, हीसुद्धा या हद्दपारीचीच परिणती होय. त्यांच्या पणजीने या प्रवासात आपली मुलगी गमावली होती. गीताचे बीज या कौटुंबिक आठवणीत आहे.

गीताची घडण :
या गीतात स्टॅलिन, सोव्हिएत संघ, रशिया किंवा क्रिमिया यांपैकी एकही नाव येत नाही. परके लोक घरात शिरतात, संहार करतात आणि स्वतःला निर्दोष म्हणवितात, एवढेच इंग्रजी कडव्यांतून कळते. घटनेला काळाशी बांधण्याचे काम केवळ शीर्षक करते. चार अंकांचे हे शीर्षक काढून टाकले, तर उरते ते कोणत्याही काळातील, कोणत्याही निर्वासिताचे गाणे. अशा रीतीने विशिष्ट आणि सार्वत्रिक यांचा तोल शीर्षक व संहिता यांच्यातील अंतरातून साधला गेला आहे.

दुसरे वैशिष्ट्य भाषाबदलाचे. कडवी इंग्रजीत आहेत. ध्रुवपद मात्र क्रिमियन तातार भाषेत असून ते एका तातार लोकगीतावरून घेतले आहे. तारुण्य मनसोक्त उपभोगता आले नाही, आपल्या भूमीवर जगता आले नाही, अशी त्यातील खंत. युनेस्कोने गंभीररीत्या संकटग्रस्त म्हणून नोंदविलेली ही भाषा बहुसंख्य श्रोत्यांना अनाकलनीय होती. घटना सांगावयाची ती जगाच्या भाषेत आणि विलाप करावयाचा तो आपल्या भाषेत, ही विभागणी सहेतुक वाटते. अर्थ न कळताही दुःख कळते, कारण तेथे शब्दांची जागा स्वर घेतो. अखेरीस गायिकेचा स्वर शब्द सोडून केवळ आक्रोशरूप होतो, तेव्हा गीत परमोत्कर्षाला पोहोचते.

तथापि, गीत निर्दोष आहे असे म्हणता येणार नाही. इंग्रजी कडव्यांत मानवतेला केलेले आवाहन ढोबळ आहे. पणजीच्या अनुभवातील प्रत्यक्ष तपशील तेथे एखादा तरी आला असता, तर कडवी ध्रुवपदाच्या तोलाची झाली असती. शब्दांची ही उणीव गायन भरून काढते.

राजकीयतेचा प्रश्न :
स्पर्धेच्या नियमांनुसार राजकीय आशयाच्या गीतांना मनाई आहे. २००९ साली जॉर्जियाचे गीत रशियन नेत्याच्या नावावरील श्लेषामुळे आक्षेपार्ह ठरले आणि जॉर्जियाने माघार घेतली. ‘१९४४’ च्या शीर्षकात व शब्दांत मात्र राजकीय आशय नसल्याचा निर्वाळा आयोजकांनी दिला. पहिले गीत विद्यमान सत्ताधीशावर शेरा मारते, दुसरे मृतांची साक्ष देते, हा भेद महत्त्वाचा आहे. असे असले तरी २०१४ साली रशियाने क्रिमिया बळकावल्यानंतर हे शीर्षक निरागसपणे ऐकले जाणे अशक्य होते आणि युक्रेनलाही याची जाणीव नसेल असे म्हणणे भाबडेपणाचे ठरेल. राजकीयता येथे शब्दांत नसून ऐकण्याच्या काळात आहे.

गुणांकनही विचारात घेण्याजोगे आहे. परीक्षकांची प्रथम पसंती ऑस्ट्रेलियाला, तर प्रेक्षकांची रशियाला होती. युक्रेन दोन्ही ठिकाणी दुसरा असूनही एकूण ५३४ गुणांसह पहिला आला. ऑस्ट्रेलियाला ५११, तर रशियाला ४९१ गुण मिळाले. दोन्ही देशांच्या परीक्षकांनी परस्परांना एकही गुण दिला नाही. रशियन प्रेक्षकांनी मात्र युक्रेनला १० आणि युक्रेनी प्रेक्षकांनी रशियाला १२ गुण दिले. केवळ राजकारणाने मते ठरली असती, तर हे घडले नसते.

मराठी वाचकाला हा वाद अपरिचित नाही. दलित आत्मकथनांबाबतही ‘हे वाङ्मय की दस्तऐवज ?’ असे विचारले गेले होते. दोन्ही ठिकाणी चूक एकच : साक्ष आणि कला परस्परविरोधी मानण्याची.

निष्कर्ष :
१. ‘१९४४’ चे सामर्थ्य शीर्षक, भाषाबदल आणि शब्दातीत स्वर या तीन घटकांत आहे.
२. गीताची राजकीयता नाकारता येत नाही. परंतु तिच्यामुळे कलामूल्य उणावत नाही.
३. ज्यांचा इतिहास दीर्घकाळ उच्चारूही दिला गेला नाही, त्यांच्यासाठी एका वर्षाचा उच्चार हीच कृती ठरते.

२०२२ साली युक्रेनवरील आक्रमणानंतर रशियाला स्पर्धेतून वगळण्यात आले. या घटनेनंतर ‘१९४४’ पुन्हा ऐकताना ते केवळ स्मरणगीत राहत नाही. मात्र ते आधीपासूनच इशारा होते असे म्हणणे हा आपला उत्तरबोध होय. त्या रात्री रंगमंचावर एक पणती आपल्या पणजीचे दुःख तिच्याच भाषेत गात होती. समीक्षेने प्रथम ते ऐकावे आणि मगच निवाडा करावा.