काळ तुटला, कागद उरला

काळाचा धागा तुटला तर मागे काय उरेल? विज्ञानकथेत तिथे एखादा जहाल, घातक पदार्थ कल्पिता येतो. डॉ. जयंत नारळीकर (१९३८-२०२५) यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत मात्र उरतो बखरीचा एक फाटका कागद : १७६१ च्या लढाईत विश्वासराव बचावले, असे सांगणारा. कथेतला राजेंद्र पुंजसिद्धांताच्या आधारे अनेक जगांची शक्यता समजावतो. ही मांडणी कथेचे बळ आहे. पण पुंजसिद्धांताची अनेक जगे एकमेकांशी वस्तूंची देवघेव करीत नाहीत. मग कागद इकडे आला कसा? कथेची ही बाजू लंगडी आहे. वर्गात तिकडे दुर्लक्ष झाले, तर तो साधा कागदही घातक. कारण मुले त्याला पुरावा मानतील.

खरा अवशेष कसा असतो, ते जालना जिल्ह्यातील भोकरदनला दिसते. तेथे १९७३ च्या उत्खननात हस्तिदंती स्त्रीमूर्तीचा तुकडा मिळाला. इ.स. ७९ मध्ये राखेखाली गाडल्या गेलेल्या पाँपेईतील मूर्तीशी त्याचे साम्य आहे. हाही सरलेल्या काळाचा तुकडाच. पण तो मातीच्या कोणत्या थरात होता, सोबत काय होते, हे तपासता येते. पंतांच्या कागदाला थरच नाही.

कथा वर्गात जरूर वाचावी. वाचून झाल्यावर विद्यार्थ्यांना एवढेच विचारावे : या कागदाची पारख तुम्ही कशी कराल?