पडद्यावरील सेंटिमीटर

देवघरातील कोनाड्यासाठी मूर्ती निवडताना आपण प्रथम तिची उंची पाहतो. आता ही निवड पुष्कळदा पडद्यावर होते; आणि चित्राखाली ‘प्रत्यक्ष आकार’ असे शब्द आढळले, की पडद्यालाच पट्टी लावण्याचा मोह होतो. तो आवरावा, असे आम्हांस सुचवावयाचे आहे.

वेबपृष्ठांची मांडणी ज्या सीएसएस नियमांनी होते, त्यांत सेंटिमीटर व इंच ही मापे आहेत. परंतु २०११ साली मान्य झालेल्या त्यांच्या २.१ आवृत्तीने पडद्यापुरता इंच ९६ पिक्सेलांना बांधला; आणि पिक्सेल हा पाहणाऱ्याच्या डोळ्याशी होणाऱ्या कोनावरून ठरविला. परिणामी १० सेंटिमीटरची रेघ मोबाईलवर जेमतेम ६ भरते, तर भिंतीवरील प्रक्षेपणात हातभर होते.

वाचनासाठी ही योजना योग्यच आहे. दूरची अक्षरे मोठी हवीत, जवळची लहान चालतात. आमचा आक्षेप नावाला आहे. करारात शब्दाला निराळा अर्थ देता येतो. पण ज्याने तो करार वाचलाच नाही, त्याच्यावर तो अर्थ लादणे न्याय्य नव्हे. पट्टीवरचा सेंटिमीटर जाणणाऱ्या ग्राहकाची येथे नकळत फसगत होते.

उपाय सोपा आहे. बँकेच्या कार्डाची लांबी सर्वत्र ८५.६० मिलिमीटर असते. पडद्यावरील चौकट कार्डाशी जुळवून घेण्याची सोय पृष्ठकर्त्याने द्यावी. मगच ‘प्रत्यक्ष आकार’ म्हणावे. तोवर ग्राहकाने कोनाडा मोजावा आणि मूर्तीची उंची विक्रेत्याकडून आकड्यांत लिहून घ्यावी.