एका इंग्रजी शिवीची कुळकथा

शिवी हा सभ्य मासिकांत चर्चा करण्याचा विषय नव्हे, असें कांहीं वाचकांस वाटण्याचा संभव आहे. परंतु एखादा समाज कशाची लाज धरतो आणि त्या लाजेचें ओझें कोणाच्या माथीं मारतो, हें त्याच्या स्तोत्रांवरून जितकें कळतें त्याहून अधिक त्याच्या शिव्यांवरून कळतें. इंग्रजी भाषेंतील ‘बास्टर्ड’ हा शब्द या दृष्टीनें विचार करण्याजोगा आहे. इंग्रजी शिकलेल्या आपल्या मंडळींच्या तोंडीं तो सहज येतो. ज्या घरांत त्याच अर्थाचा मराठी शब्द उच्चारला तर वडील माणसें ताटावरून उठतील, त्याच घरांत हा शब्द ऐकून न ऐकल्यासारखा करण्यांत येतो. इंग्रजी असल्यामुळें तो जणूं सोंवळा झाला आहे! तेव्हां हा शब्द आला कोठून, त्यांत विष कोणीं कालविलें, आणि इंग्रजी वाङ्मयानें त्याचें काय केलें, हें पाहणें अगदींच निरर्थक होणार नाहीं.

शब्द मूळचा फ्रेंच. ‘बास्त’ म्हणजे ओझ्याच्या जनावराच्या पाठीवर घालावयाचें खोगीर. खेचरें हांकणारे लोक मुक्कामाच्या ठिकाणीं तेंच अंथरूण म्हणून वापरीत. खोगिराच्या अंथरुणावर झालेलें मूल तें ‘बास्टर्ड’, अशी व्युत्पत्ति कोशकार बहुधा देतात. शब्दाच्या शेवटचा ‘आर्ड’ हा प्रत्यय हेटाळणीचा असून भित्रा, दारूबाज या अर्थांच्या इंग्रजी शब्दांतही तोच आढळतो. उपहासाचा अंश याप्रमाणें त्यांत मुळापासूनच आहे. तथापि मध्ययुगांत हा शब्द केवळ शिवी नव्हता. १०६६ सालीं इंग्लंड जिंकणारा नॉर्मंडीचा ड्यूक विल्यम हा हेर्लेव्हा नांवाच्या स्त्रीचा, विवाहाबाहेर झालेला पुत्र; ‘विजेता’ हें बिरुद मिळण्यापूर्वीं ‘बास्टर्ड’ हेंच त्याचें उपपद होतें. जोन ऑफ आर्क हिच्या बरोबरीनें १४२९ सालीं ऑर्लेआं शहर सोडविणारा द्युन्वा हा सरदार तर ‘ऑर्लेआंचा बास्टर्ड’ याच नांवानें मानाने ओळखला जाई. कारण ड्यूकचें रक्त त्याच्या अंगांत आहे, याची ती कबुलीच होती. थोरामोठ्यांच्या घरीं बापानें मुलास आपलें म्हटलें कीं या शब्दाची नांगी मोडत असे. ती शाबूत राहिली गरिबांच्या पोरांसाठीं.

त्या नांगींत विष भरलें तें इंग्लंडच्या कायद्यानें. आईबापांनीं मागाहून लग्न केलें तर आधीं झालेलें मूल औरस मानावें, असा ख्रिस्ती धर्मपीठाचा नियम होता. इंग्लंडनेंही तो स्वीकारावा, अशी मागणी १२३६ सालीं मर्टन येथें भरलेल्या सभेंत धर्माध्यक्षांनीं केली. पण इंग्लंडचे कायदे आम्ही बदलूं इच्छीत नाहीं, असें सांगून उमरावांनीं ती एकमुखानें फेटाळली. तो नकार पुढें जवळजवळ सातशें वर्षें टिकला. असें मूल कायद्याच्या दृष्टीनें ‘कोणाचेंच नव्हे’ असें ठरलें. १५७६ च्या कायद्यानें अशा मुलाच्या आईबापांस शिक्षा करण्याचा व त्याच्या पोषणाचा खर्च त्यांच्याकडून वसूल करण्याचा अधिकार न्यायाधिकाऱ्यांस दिला. हेतु असा कीं, मुलाचा भार गांवावर पडूं नये. १८३४ च्या गरिबांविषयींच्या नव्या कायद्यानें तर तो भार मुख्यत: एकट्या आईवरच लोटला. नीतीची भाषा बोलणाऱ्या या शिवीच्या पाठीमागें गांवच्या तिजोरीची चिंता उभी होती, हें विसरतां कामा नये.

चोर, लबाड, दारूबाज या शिव्या खोट्या असल्या तरी त्या माणसावर कांहीं कृत्याचा आरोप करतात. आणि आरोप म्हटला कीं त्यास उत्तर देतां येतें. या शिवींत तसा आरोपच नाहीं. जिच्यामुळें ती दिली जाते ती गोष्ट, ज्यास ती दिली जाते त्याच्या जन्मापूर्वीं घडून गेलेली असते. मग त्यानें उत्तर द्यावें तें कसें? व्यवहारांत याची सोय नव्हती. ती वाङ्मयानें केली, असें माझें मत आहे; मात्र कशी व कितपत केली, हें पारखून पाहिलें पाहिजे.

शेक्सपिअरच्या ‘किंग जॉन’ नाटकांत फिलिप फॉकनब्रिज व त्याचा धाकटा भाऊ जमिनीचा तंटा घेऊन राजासमोर येतात. थोरला हा आपल्या बापाचा मुलगाच नव्हे, असें धाकट्याचें म्हणणें. राजा कायदा सांगतो कीं, विवाहित स्त्रीचा पुत्र तो तिच्या नवऱ्याचाच. सबब थोरला औरस. कायद्यानें फिलिप सुटला. इतक्यांत राजमाता एलिनॉर त्यास विचारते कीं, तुला जमीन हवी, कीं सिंहहृदयी रिचर्डचा पुत्र म्हणवून घ्यावयाचें आहे? आणि हा पठ्ठ्या जमीन भावाच्या पदरांत टाकून शिवी पत्करतो! पुढें नाटकभर राजेरजवाडे शपथा घेतात व मोडतात. त्या सर्वांचा स्वार्थ उघडा करून दाखविणारी व अखेरपर्यंत इंग्लंडच्या बाजूनें उभी राहणारी व्यक्ति म्हणजे हा फिलिपच, आणि नाटकांतील शेवटचें भाषणही त्याच्याच तोंडीं आहे. पात्र बहारीचें आहे, यांत शंका नाहीं. परंतु त्याची ऐट राजरक्ताच्या आधारावर उभी आहे. हा आधार नसलेल्याचें काय, हा प्रश्न तेथें सुटत नाहीं.

तो प्रश्न ‘किंग लिअर’ मध्यें एडमंड विचारतो. १६०६ सालीं राजदरबारीं झालेल्या या नाटकाच्या आरंभींच ग्लॉस्टर हा त्याचा बाप केंट या सरदाराशीं त्याची ओळख करून देतो. मुलगा शेजारीं उभा आहे, आणि बाप त्याच्या जन्माच्या मागील आपल्या रंगेलपणाविषयीं थट्टेनें बोलत आहे. आई देखणी होती, तेव्हां पोरास आतां आपलें म्हणणें प्राप्तच आहे, असा एकंदर सूर. एडमंड दोन-तीन अदबीचीं वाक्यें तेवढीं बोलतो. ग्लॉस्टर दुष्ट नाहीं, मुलावर त्याचा लोभही आहे. आणि म्हणूनच ही थट्टा कोणत्याही शिवीहून अधिक झोंबते. पुढें एकटा असतां एडमंड तो शब्द स्वत:च घोळून घोळून उच्चारतो आणि औरस मुलाहून आपला देह व बुद्धि कोणत्या बाबतींत उणी, असा जगास जाब विचारतो. त्यास नाटकांत कोणीही उत्तर देत नाहीं. इतका सबळ पक्ष ज्याच्या तोंडीं दिला त्यासच कवीनें बापाचा व भावाचा घात करणारा खलपुरुष केलें, ही लोकमताशीं तडजोड झाली, असा आक्षेप घेतां येईल. मला तो अर्धाच खरा वाटतो. कारण शेवटच्या अंकांत औरस भाऊ एडगर हा मरणोन्मुख एडमंडसमोर मूळ दोष बापाच्या पदरीं घालतो. मात्र त्याच निवाड्यांत एडमंडच्या आईकडे जो ओझरता निर्देश येतो, तो तुच्छतेचाच आहे. नाटकभर तिला नांवसुद्धां नाहीं.

हे दोघे कल्पित झाले. रिचर्ड सॅव्हेज या कवीनें १७२८ सालीं ‘द बास्टर्ड’ याच नांवाचें काव्य स्वत:विषयीं लिहून प्रसिद्ध केलें. आपण मॅकल्सफील्डच्या काउंटेसला अर्ल रिव्हर्सपासून झालेले पुत्र असून तिनें आपला त्याग केला, असा त्याचा दावा होता. त्याचा मित्र सॅम्युअल जॉन्सन यानें १७४४ सालीं लिहिलेल्या चरित्रांत हा दावा खरा धरला आहे. मागाहूनच्या संशोधकांस त्याविषयीं दाट शंका आहे. जॉन्सन सांगतो कीं, बाथ येथें या काव्यांतील ओळी त्या बाईच्या कानांवर पडूं लागल्या, तेव्हां तिनें तें गांव सोडून लंडन गांठलें. काव्याच्या आरंभीं कुळाचा पाश नसलेल्याच्या स्वातंत्र्याचें गुणगान आहे आणि पुढें निराधारपणाचें दु:ख आहे. ज्या शब्दानें लोक हिणवितात तोच ग्रंथाच्या मुखपृष्ठावर घालण्याचें धैर्य मोठें खरें. पण त्याचा सारा मारा एका स्त्रीवर झाला. बाप तेवढा नामानिराळा राहिला.

पुढील काळांतील कादंबरीकारांनीं हें कोडें अधिक न्यायबुद्धीनें हाताळलें. टॉमस कोरम यास लंडनमध्यें टाकलेल्या मुलांसाठीं आश्रम काढण्याची सनद १७३९ सालीं मिळाली; त्यानंतर दहा वर्षांनीं फील्डिंगचा ‘टॉम जोन्स’ निघाला. टॉमच्या जन्माचें रहस्य शेवटीं उलगडतें. पण तो औरस होता, असें सांगून लेखक आपली सुटका करून घेत नाहीं. टॉम अनौरसच राहतो, आणि तरीही ऑलवर्दीचा वारस व सोफायाचा पति होतो. व्हिक्टोरिया राणीच्या काळांत हा शब्द कुलीन कादंबरींतून हद्दपार झाला, पण घाव तसाच राहिला. डिकन्सच्या ‘ब्लीक हाउस’ (१८५२-५३) मधील एस्थरला तिची पालनकर्ती तिच्या वाढदिवशींच ऐकविते कीं, तूं जन्मली नसतीस तर बरें होतें. शिवीचा शब्द उच्चारला नाहीं, इतकेंच. विल्की कॉलिन्सच्या ‘नो नेम’ (१८६२) मध्यें तर मर्टनचा नकारच खलनायक आहे. व्हॅन्स्टोन दांपत्याचें लग्न पहिल्या बायकोच्या मृत्यूनंतर, मुली मोठ्या झाल्यावर लागतें. त्या लग्नानें बापाचें जुनें मृत्युपत्र रद्द होतें, नवें होण्यापूर्वीं तो आगगाडीच्या अपघातांत मरतो, आणि दोन्ही मुली एका दिवसांत घर, द्रव्य व नांव यांना मुकतात. शेक्सपिअरनें प्रश्न विचारला, कॉलिन्सनें कायद्याकडे बोट दाखविलें.

तो कायदा सावकाश बदलला. १९२६ सालीं मागाहूनच्या विवाहानें मूल औरस ठरण्याची सोय झाली. परंतु जन्मसमयीं आई किंवा बाप अन्य कोणाशीं विवाहबद्ध असल्यास ती लागू नव्हती. म्हणजे कॉलिन्सच्या मुलींस तिचाही उपयोग झाला नसता! ती उणीव १९५९ सालीं भरून निघाली; १९६९ मध्यें वारसाहक्क मिळाला, आणि १९८७ च्या कायद्यानें उरलासुरला भेद बहुतेक मिटविला. इंग्लंड व वेल्समध्यें २०२१ सालीं जन्मलेल्या मुलांपैकीं निम्म्याहून अधिक विवाहाबाहेर जन्मलीं. अशा देशांत शब्दाचा मूळ अर्थ झिजावा, हें साहजिकच होय. आज दुर्दैवी माणसाची कींव करतांना आणि नशीबवानाचा हेवा करतांनाही इंग्रज तोच शब्द वापरतो. ऑस्ट्रेलियांत तर तो मित्रास मारावयाच्या हांकेंतही येतो. १९३२-३३ च्या वादग्रस्त क्रिकेट-दौऱ्यांतील एक आख्यायिका प्रसिद्ध आहे. त्यांच्याच एका खेळाडूनें आपणांस ही शिवी दिली, अशी तक्रार इंग्लंडचा कर्णधार जार्डिन यानें ऑस्ट्रेलियन खेळाडूंच्या दारांत जाऊन केली. तेव्हां व्हिक रिचर्डसन यानें आंत वळून, ती कोणीं दिली हें विचारतांना आपल्या सर्व सोबत्यांस आणि जार्डिनलाही त्याच शब्दानें संबोधिलें! या गोष्टींत शब्द एकच आहे. स्नेह आणि वैर हीं दोन्हीं सुरांत आहेत. १९९३ सालीं पंतप्रधान जॉन मेजर यांनीं आपल्याच मंत्रिमंडळांतील विरोधकांविषयीं हा शब्द नकळत ध्वनिक्षेपकासमोर वापरला, तेव्हां त्या मंत्र्यांच्या आईबापांचा विचार कोणाच्याही मनांत आला नाहीं. आपल्याकडील कारखान्यांतला फिटर मध्यम दातांच्या कानशीला ‘बास्टर्ड फाईल’ म्हणतो, तेव्हां तर तें केवळ एका हत्याराचें नांव असतें.

मग अर्थ इतका झिजला असतां आपण तरी एवढें मनावर कां घ्यावें? याचें उत्तर असें कीं, इंग्लंडांत शब्द हलका झाला तो कायदा व लोकरीति बदलल्यामुळें. आपण तो हलका मानतों तो केवळ परका म्हणून. आपल्या भाषेंत हाच अर्थ अद्याप जड आहे. गोत्र ठाऊक नसल्याचें निर्भयपणें सांगणाऱ्या सत्यकाम जाबालास गौतमानें शिष्य म्हणून स्वीकारलें, ही छांदोग्य उपनिषदांतील कथा आपण अभिमानानें सांगतों. परंतु बारा माशांचा तोळा धरून, अकरा माशांचा म्हणजे हिणकस या अर्थानें अनौरस मुलास ‘अक्करमाशी’ म्हणणारी भाषाही आपलीच. शरणकुमार लिंबाळे यांनीं १९८४ सालीं आपल्या आत्मकथनास तेंच नांव दिलें. सॅव्हेजनें शिवीचें शीर्षक केलें, तसेंच यांनींही केलें. पण फरक मोठा आहे. सॅव्हेजनें आपल्या दु:खाचा जाब आईस विचारला. लिंबाळे यांच्या पुस्तकांत आई ही स्वत:च त्या अन्यायाखालीं दबलेली आहे, आणि जाब जातीच्या व जमिनीच्या बळावर तिला वापरून टाकणाऱ्या पुरुषांस विचारला आहे. एडमंडच्या आईस जें नांव शेक्सपिअरनें दिलें नाहीं, तें येथें एका मराठी मुलानें आपल्या आईस दिलें आहे.

शिव्या उपदेशानें बंद होत नाहींत, आणि तशी अपेक्षाही येथें नाहीं. परंतु भोजनाच्या पंक्तींत एखाद्या तरुणानें हा इंग्रजी शब्द सहज टाकला, तर त्याचा अर्थ त्यास मराठींत विचारण्यास वडिलांनीं संकोच करूं नये. अर्थ सांगतांना तो अडखळला, तर या शिवीची कुळकथा त्यास आपोआप कळूं लागेल.