संमतीचे निवेदन : लिंडा लव्हलेसच्या दोन आत्मकथनांच्या निमित्ताने

प्रौढांसाठीच्या चित्रपटांत काम करणाऱ्या स्त्रियांचे कर्तेपण आणि त्यांची संमती यांविषयी अमेरिकी स्त्रीवादात जो दीर्घ वाद झाला, त्यात चित्रपटांइतकेच महत्त्व काही पुस्तकांना होते, ही गोष्ट सहसा नजरेआड राहते. ‘डीप थ्रोट’ (१९७२) या चित्रपटाची नायिका लिंडा बोरमन, म्हणजेच पडद्यावरची लिंडा लव्हलेस, हिच्या नावावर १९७४ साली ‘इनसाइड लिंडा लव्हलेस’ हे आत्मकथन प्रसिद्ध झाले. त्यातील ‘मी’ प्रसन्न, निःसंकोच आणि स्वेच्छेने या व्यवसायात आलेली आहे. १९८० साली ‘ऑर्डील’ आले. त्यातील ‘मी’ सांगते, की पती व व्यवस्थापक चक ट्रेनर याने मारहाण करून, शस्त्राचा धाक दाखवून हे सारे करवून घेतले; चित्रपटाचे १२५० डॉलर मानधनही त्याच्याच हाती पडले. एकाच स्त्रीच्या नावावरच्या या दोन ‘मीं’पैकी कोणत्या ‘मी’वर वाचकाने विश्वास ठेवावा?

पहिल्या पुस्तकावर लंडनमध्ये १९७६ साली अश्लीलतेचा खटला चालला आणि ज्यूरीने प्रकाशकाला निर्दोष ठरविले. वाचकाची नीती या पुस्तकाने बिघडते काय, एवढाच प्रश्न कायद्यापुढे होता. पुस्तकातील ‘मी’ खरोखर कोणाची, हा प्रश्न त्या कायद्याच्या चौकटीत बसणाराच नव्हता. दुसऱ्या पुस्तकाच्या वाट्याला नेमका उलटा संशय आला. प्रसिद्धीपूर्वी लेखिकेला असत्यशोधक यंत्राच्या परीक्षेला सामोरे जावे लागले. सुखाचे निवेदन पुराव्याविना छापता येते आणि यातनेच्या निवेदनाला यंत्राची साक्ष लागते, ही विषमता आत्मचरित्राच्या अभ्यासकाने विसरू नये अशी आहे.

‘ऑर्डील’चा सहलेखक माइक मॅकग्रेडी हा पत्रकार. १९६९ साली त्याच्याच पुढाकाराने अनेक पत्रकारांनी मिळून ‘नेकेड केम द स्ट्रेंजर’ ही कामुक कादंबरी एका काल्पनिक लेखिकेच्या नावावर खपविली होती. स्त्रीचे नाव आणि कामुक मजकूर एवढ्यावर पुस्तक विकले जाते, हे दाखविण्याचा तो विनोद होता. अकरा वर्षांनी तोच लेखक एका खऱ्या स्त्रीचे दुःख शब्दबद्ध करतो. या योगायोगाने ‘ऑर्डील’ खोटे ठरत नाही. तसा निष्कर्ष काढणे उथळपणाचे होईल. मात्र सांगणारी आणि लिहिणारा यांच्यातील अंतर दोन्ही पुस्तकांत आहे, आणि केवळ शैलीवरून सक्ती वा संमती ओळखू पाहणारी समीक्षा येथे निरुपाय होते. लिंडाने स्वतः पडद्यावरच्या आपल्या अंगावरील वळांकडे बोट दाखविले. लक्षावधी प्रेक्षकांच्या नजरेखालून गेलेली ती खूण साक्षीविना कोणाला वाचता आली नाही.

डिसेंबर १९८३ मध्ये मिनीॲपोलिस येथील सुनावणीत तिने साक्ष दिली. अँड्रिया ड्वॉर्किन आणि कॅथरिन मॅकिनन यांनी रचलेल्या तेथील अध्यादेशाच्या मसुद्यात एक लक्षणीय कलम होते : स्त्रीने करारावर सही केली, मोबदला घेतला किंवा ती उत्साहाने सहभागी झालेली दिसली, एवढ्यावरून सक्ती नव्हती असे मानता येणार नाही. साहित्यसमीक्षेच्या भाषेत हे संशयाचे अर्थनिर्णयन होय, आणि लिंडाच्या बाबतीत ते रास्तच होते. परंतु तेच सर्वांना लावले की कोणत्याच स्त्रीच्या होकाराला अर्थ उरत नाही. याच सुमारास, १९८३ मध्ये, न्यूयॉर्कमध्ये ॲनी स्प्रिंकल, कँडिडा रॉयल आदी अभिनेत्रींचा ‘क्लब ९०’ हा परस्परसाहाय्य गट उभा राहिला. रॉयलने १९८४ साली स्वतःची निर्मितिसंस्था काढली. या स्त्रियांचा आग्रह इतकाच होता, की त्यांचाही शब्द शब्दच मानला जावा. पुढे लिंडानेही आपल्या पाठीराख्यांनी आपला वापर करून घेतल्याची खंत व्यक्त केली. तिचे नाव दोन्ही छावण्यांना हवे होते. तिचे बदलत गेलेले बोलणे मात्र दोघांनाही अडचणीचे होते.

तेव्हा ‘मी’ खरी कोणती, यापेक्षा दिलेला शब्द परत घेण्याची सत्ता कोणाकडे होती, हा प्रश्न अधिक फलदायी ठरतो. येथे मल्याळममधील एक उदाहरण जवळचे आहे, जरी व्यवसाय वेगळा असला तरी. केरळमधील लैंगिक कामगार नलिनी जमीला यांचे आत्मकथन २००५ साली आय. गोपीनाथ यांच्या शब्दांकनासह आले. ते त्यांना आपले वाटले नाही. त्यांनी ते नाकारले आणि दुसरी आवृत्ती सिद्ध केली. जे. देविका यांचा इंग्रजी अनुवाद (२००७) याच आवृत्तीवरून झाला. मराठी वाचकाला अरुण साधू यांनी शब्दांकित केलेले हंसा वाडकरांचे ‘सांगत्ये ऐका’ येथे आठवेल. पण तेथे अशी दुसरी संहिता नाही, म्हणून ही तुलना फार ताणू नये. जमीलांची दुसरी आवृत्ती पहिलीची जागा घेऊ शकली. ‘ऑर्डील’ला ‘डीप थ्रोट’ची जागा घेता आली नाही. पुस्तकाला पुस्तकाने उत्तर देता येते. चित्रित देह मात्र त्या स्त्रीच्या नंतरच्या नकारासह, किंबहुना त्या नकाराच्या प्रसिद्धीमुळे अधिकच, पाहिला जातो.

सॅन डिएगो येथील न्यायालयाने जानेवारी २०२० मध्ये ‘गर्ल्स डू पॉर्न’ या संकेतस्थळाच्या चालकांविरुद्ध २२ स्त्रियांच्या बाजूने निकाल दिला, तेव्हा या स्त्रियांनी करारांवर सह्या केलेल्याच होत्या. चित्रफिती इंटरनेटवर येणार नाहीत, असे खोटे आश्वासन देऊन त्या सह्या मिळविल्या होत्या. सुमारे १ कोटी २७ लाख डॉलरांच्या भरपाईबरोबरच न्यायालयाने चित्रफितींचे हक्कही त्या स्त्रियांना दिले. तोवर त्यांच्या प्रती सर्वत्र पसरल्या होत्या.